तिकिटाआधीची वीस वर्षं : निवडणुकीला उभ्या राहणाऱ्या कलावंतांना खुलं पत्र

प्रति,
निवडणुकीच्या रिंगणात उतरलेले आणि उतरू पाहणारे सर्व चित्रपट, नाट्य व मालिका कलावंत

सप्रेम नमस्कार.

निवडणूक जवळ आली की तुमच्यापैकी कुणाचं ना कुणाचं नाव पुढे येतं. पक्षाच्या कार्यालयात उपरणं गळ्यात पडतं, पत्रकार परिषद होते आणि ‘आजवर लोकांनी मला भरभरून प्रेम दिलं, आता मला त्यांची सेवा करायची आहे’ हे वाक्य ऐकू येतं. मी मुंबईच्या पश्चिम उपनगरातली मतदार आहे आणि त्या वाक्यावर विश्वास ठेवायची माझी मनापासून इच्छा आहे. नटनट्यांनी राजकारणात येऊच नये, असं म्हणणाऱ्यांतली मी नाही. वकील, डॉक्टर, शेतकरी, शिक्षक संसदेत जातात, मग कलावंतानं का जाऊ नये? पण आमच्या भागानं एक माणूस पाहिला आहे. तो पाहिल्यानंतर या वाक्याकडून आमच्या अपेक्षा वाढल्या आहेत, आणि त्या तुमच्यापर्यंत पोचवाव्यात म्हणून हे लिहिते आहे.

तो माणूस म्हणजे सुनील दत्त. मुंबई वायव्य मतदारसंघातून ते पाच वेळा लोकसभेवर गेले : १९८४, १९८९, १९९१, १९९९ आणि २००४. हा हिशेब तुम्हाला ठाऊक असेलच, कारण तुमचं नाव जाहीर करताना पक्षाचे नेते त्यांचाच दाखला देतात. माझी विनंती एवढीच, की दाखला द्यायचा तर त्यांचं आयुष्य १९८४ पासून वाचू नका. त्याच्या मागे जा.

झेलम जिल्ह्यातल्या खुर्द या गावी ६ जून १९२९ रोजी जन्मलेला बलराज दत्त हा मुलगा. वडील लहानपणीच गेले. फाळणीत घरदार सुटलं, कुटुंब यमुनाकाठच्या मंडौली गावात येऊन राहिलं. मुंबईत आल्यावर बेस्टमध्ये नोकरी करत त्यांनी जयहिंद कॉलेजात शिक्षण घेतलं, मग रेडिओ सिलोनवर निवेदक झाले. १९५५ मध्ये ‘रेल्वे प्लॅटफॉर्म’ आला, १९५७ मध्ये ‘मदर इंडिया’. बिरजूची भूमिका, सेटवर लागलेली आग, त्या आगीतून नर्गिस यांना बाहेर काढणं आणि पुढच्याच वर्षी झालेलं त्यांचं लग्न, हे सगळं महाराष्ट्रातल्या घराघरांत इतक्यांदा सांगून झालंय की मी ते पुन्हा सांगत नाही. ‘सुजाता’, ‘मुझे जीने दो’, ‘वक्त’, ‘खानदान’, ‘पडोसन’ हेही तुम्हाला माझ्यापेक्षा जास्त माहीत आहेत. तुमच्या धंद्यातली ती शिकवणीच आहे. ‘यादें’मध्ये तर पडद्यावर दिसणारे एकटे तेच, हे धाडस १९६४ मध्ये करणारा नट किती स्वतंत्र बुद्धीचा असेल! ‘रेशमा और शेरा’ त्यांनी जैसलमेरच्या वाळवंटात जाऊन काढला आणि त्यात मोठा तोटा सोसला.

आता त्याच काळातली दुसरी बाजू पाहा. १९६२ च्या चीन युद्धानंतर या नवरा-बायकोनं आपल्या ‘अजंठा आर्ट्स’च्या नावानं कलावंतांचं एक पथक बांधलं आणि सीमेवरच्या जवानांसमोर जाऊन कार्यक्रम करायला सुरुवात केली. त्या काळी सीमेवर जाणं म्हणजे विमानातून उतरून दोन फोटो काढणं नव्हे. डोंगर, थंडी, लष्करी ट्रक, आणि व्यासपीठ म्हणून जे मिळेल ते. यात कुठलंही तिकीट नव्हतं, पद नव्हतं. दोघंही लोकप्रियतेच्या भरात होती. त्या तारखा चित्रीकरणाला देऊन पैसे मिळवता आले असते. नर्गिस यांनी सेरेब्रल पाल्सी असलेल्या मुलांसाठी काम करणाऱ्या स्पॅस्टिक्स सोसायटीच्या पाठीशी आपलं नाव उभं केलं. १९८० मध्ये त्यांची राज्यसभेवर नियुक्ती झाली आणि दुसऱ्याच वर्षी, ३ मे १९८१ ला, स्वादुपिंडाच्या कर्करोगानं त्या गेल्या.

न्यूयॉर्कच्या स्लोन केटरिंगमध्ये बायकोवर उपचार चालू असताना दत्तसाहेबांनी जे पाहिलं, त्याचं त्यांनी पुढे काय केलं, याचा तुम्ही नीट विचार करावा असं मला वाटतं. माणूस दुःखात घरात बसू शकतो, आणि त्यात काही चूक नाही. त्यांनी नर्गिस यांच्या नावानं कर्करोग प्रतिष्ठान काढलं. परदेशातल्या भारतीयांकडे हात पसरले आणि इथल्या रुग्णालयांना मदत मिळवून दिली. कर्करोगावर चित्रपटही काढला. परळला टाटा रुग्णालयाबाहेरच्या फूटपाथवर पथारी टाकून राहणारी कुटुंबं ज्यांनी पाहिली आहेत, त्यांना या कामाची गरज समजावून सांगावी लागत नाही. सोलापूर जिल्ह्यात बार्शीला नर्गिस दत्त यांच्या नावाचं कर्करोग रुग्णालय आहे. खेड्यापाड्यांतल्या कर्करोगाची नोंद ठेवणारी देशातली पहिली नोंदणी १९८७ मध्ये त्याच बार्शीत सुरू झाली. त्या भागातल्या किती बायकांना आपला आजार वेळेवर कळला असेल! पडद्यावरच्या एका बाईचं नाव तिच्या मृत्यूनंतर तिथे औषधपाण्याशी जोडलं गेलं, याचं मोल माझ्या लेखी कुठल्याही पुरस्काराहून जास्त आहे.

मुंबईचं नगरपालपदही (शेरीफ) त्यांना मिळालं, ते मानाचं होतं. आणि मग आली डिसेंबर १९८४ ची निवडणूक.

त्या निवडणुकीत लाट होती, हे मान्य करूनच पुढे जाऊ. इंदिरा गांधींच्या हत्येनंतरच्या त्या लाटेत काँग्रेसच्या तिकिटावर कितीतरी नवखे निवडून आले. इथे सुनील दत्त यांनी राम जेठमलानींसारख्या विद्यमान खासदाराला हरवलं, अलाहाबादला अमिताभ बच्चन यांनी हेमवतीनंदन बहुगुणांना. पण लाटेवर निवडून आलेल्याची खरी पारख लाट ओसरल्यावर होते. १९८७ मध्ये अमिताभ यांनी खासदारकी सोडली आणि ते अभिनयाकडे परतले. तो त्यांचा निर्णय. आपलं क्षेत्र हे नव्हे असं ज्याला वाटतं त्यानं जागा रिकामी करावी, यात मला काही गैर दिसत नाही. त्याच १९८७ मध्ये दत्तसाहेब काय करत होते? पंजाब धुमसत होता. वयाच्या सत्तावन्नाव्या वर्षी ते मुलगी प्रिया हिला आणि काही सोबत्यांना घेऊन मुंबईहून अमृतसरच्या सुवर्णमंदिराकडे पायी निघाले. सुमारे दोन हजार किलोमीटर, ७८ दिवस. जिवाला धोका होता, ज्या प्रदेशात चालायचं तिथे रोज माणसं मारली जात होती, आणि या यात्रेनं मुंबई वायव्यमधलं एकही मत वाढणार नव्हतं. पुढच्या वर्षी जपानमध्ये नागासाकी ते हिरोशिमा असेच चालले, अण्वस्त्रांच्या विरोधात.

१९८९ मध्ये देशात काँग्रेसची सत्ता गेली. मुंबई वायव्यनं मात्र सुनील दत्त यांना पुन्हा निवडून दिलं. तुमच्या पक्षाच्या निवडणूक-सल्लागारांना मी एक विचारते : ही मतं बिरजूला पडली होती का? ‘मदर इंडिया’ येऊन तोवर बत्तीस वर्षं झाली होती. झोपडपट्टीतल्या पहिल्यांदा मत देणाऱ्या पोरानं तो चित्रपट थिएटरात पाहिलाही नसेल.

आणखी एक बाब नव्या उमेदवारांच्या लक्षात यावी म्हणून सांगते. खासदार निधी नावाची सोय डिसेंबर १९९३ मध्ये सुरू झाली. दत्तसाहेबांच्या पहिल्या तीन निवडणुका त्याआधीच्या. म्हणजे ‘माझ्या निधीतून’ असा फलक लावून समाजमंदिर, गटार, लादीकरण करून दाखवायची सोयच त्यांना नव्हती. खासदाराच्या हाती उरत होतं ते पत्र, पाठपुरावा, मंत्रालयातले हेलपाटे, संसदेतला प्रश्न आणि लोकांमध्ये जाऊन उभं राहणं. आज निधी आहे. पण मुळात खासदाराचं काम अजूनही तेच आहे. आमच्या उपनगराचंच घ्या. विमानतळाच्या जमिनीवरच्या झोपड्यांचा प्रश्न दिल्लीशिवाय सुटत नाही, कारण ती जमीन केंद्राच्या अखत्यारीत. रेल्वेलगतच्या वस्त्यांचंही तसंच. वेसाव्याच्या आणि जुहूच्या कोळीवाड्यांचं घर-अंगण सीआरझेडच्या, म्हणजे किनाऱ्यालगतच्या बांधकामावरच्या, नियमांत अडकतं आणि ते नियम केंद्र सरकार काढतं. नगरसेवक आणि आमदार कितीही भले असले तरी या तीन ठिकाणी त्यांचे हात तोकडे पडतात. तिथे खासदार लागतो, आणि तो कागद वाचणारा लागतो. तुम्ही संवाद पाठ करता, भूमिकेसाठी महिनोन्महिने तालीम करता, घोडेस्वारी शिकता, बोलीभाषा शिकता. तीच मेहनत एका अधिसूचनेवर का घेऊ नये? तुमच्याइतकी पाठांतराची आणि निरीक्षणाची सवय दुसऱ्या कुठल्या व्यवसायात आहे?

आता १९९२-९३. यावर मी सगळ्यात जास्त लिहिणार आहे, कारण माझ्या मते सुनील दत्त यांची खासदारकी इथे कळते.

डिसेंबर १९९२ आणि जानेवारी १९९३ या दोन महिन्यांत मुंबईत दंगली झाल्या. सुमारे ९०० माणसं मेली, असं श्रीकृष्ण आयोगानं नोंदवलं. वांद्रे पूर्वेच्या बेहरामपाड्यापासून जोगेश्वरीपर्यंत पश्चिम उपनगरांचा मोठा पट्टा त्यात होरपळला. या शहरात तेव्हा राहिलेल्यांना संचारबंदीतली ती शांतता अजून आठवते. दत्तसाहेब वस्त्यांत फिरत होते, मदत पोचवत होते, फोनवर फोन करत होते. त्यांच्यावर एकाच समाजाची बाजू घेतल्याचे आरोप झाले. ज्याला आयुष्यातलं पहिलं संकट आठवत होतं, त्याला या आरोपाचं काय वाटलं असेल? फाळणीत त्यांच्या कुटुंबाला वाचवलं ते वडिलांच्या याकूब नावाच्या मुसलमान मित्रानं, हे त्यांनी स्वतः अनेकदा सांगितलं होतं. सोळा आणे हिंदू घरातला, पंजाबातून निर्वासित होऊन आलेला हा माणूस सूडाची भाषा बोलला असता तर त्याला टाळ्या मिळाल्या असत्या. ती त्यानं आयुष्यभर बोलली नाही.

आणि त्यानं राजीनामा दिला. कुणाच्या विरोधात? तेव्हा राज्यात काँग्रेस होती, दिल्लीतही काँग्रेस होती. ज्या पक्षानं त्यांना तिकीट दिलं, ज्यात तीनदा निवडून आले, त्याच पक्षाच्या सरकारनं आपल्या मतदारांचं रक्षण केलं नाही म्हणून त्यांनी खासदारकीचा राजीनामा दिला. पक्षांतर केलं नाही, दुसरीकडून मंत्रिपद मागितलं नाही. कलावंत मित्रांनो, तुम्हाला तिकीट देणाऱ्या नेत्यासमोर तुम्ही एक दिवस असे उभे राहू शकाल का? आम्ही मतदार तुमच्याकडे पाहतो तेव्हा खरंतर आम्हाला हेच हवं असतं. तुमचं पोट राजकारणावर नाही. तुमचं नाव पक्षानं मोठं केलेलं नाही. ज्याला उद्या खुर्ची गेली तरी परवा काम आहे, त्यानं तरी न घाबरता बोलावं. सभागृहातल्या इतर कुणाहीपेक्षा तुम्हाला हे जास्त परवडतं.

मला ठाऊक आहे, काही वाचक इथे मला थांबवतील. एप्रिल १९९३ मध्ये मुंबई बॉम्बस्फोट प्रकरणात त्यांचा मुलगा संजय दत्त यांना अटक झाली. वडिलांनी मुलासाठी सगळे दरवाजे ठोठावले, मातोश्रीचाही. ऑक्टोबर १९९५ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं जामीन दिला. पुढे दहशतवादाच्या कटाच्या आरोपातून मुलगा सुटला, पण बेकायदा शस्त्राबद्दल दोषी ठरला आणि शिक्षा भोगून आला. आक्षेप असा, की त्याच खटल्यातल्या साध्या घरातल्या आरोपीच्या बापाला असे दरवाजे ठोठावता आले असते का? आले नसते. हा आक्षेप खरा आहे आणि तो पुसून टाकून मला कुणाचं चरित्र गोड करायचं नाही. बाप म्हणून त्यांनी जे केलं ते कुठलाही बाप करेल. पण ज्याचा आवाज वरपर्यंत पोचतो त्याच्यासाठी आणि ज्याचा पोचत नाही त्याच्यासाठी कायद्याची गती वेगळी असते, हे त्या प्रकरणात सगळ्यांना दिसलं. तरीही जानेवारीतला राजीनामा एप्रिलमधल्या अटकेनं खोटा ठरत नाही. १९९६ आणि १९९८ च्या निवडणुका त्यांनी लढवल्या नाहीत. १९९९ मध्ये सत्तरीत परत आले तेव्हा मुलावरचा खटला संपलेला नव्हता, विरोधकांच्या हाती मुद्दा आयता होता, आणि तरी इथल्या लोकांनी त्यांना निवडून दिलं. लोकांनी बाप आणि खासदार यांचा हिशेब वेगवेगळा मांडला, असं मला वाटतं.

२००४ मध्ये ते पाचव्यांदा जिंकले आणि मनमोहन सिंग सरकारात युवक कल्याण व क्रीडामंत्री झाले. जेमतेम वर्ष मिळालं. २५ मे २००५ रोजी वांद्र्याच्या घरी झोपेतच त्यांचं निधन झालं.

त्याच २००४ मध्ये शेजारच्या उत्तर मुंबईत गोविंदा यांनी राम नाईकांसारख्या पाच वेळच्या खासदाराचा पराभव केला, आणि २००९ मध्ये ते उभे राहिले नाहीत. बिकानेरचं धर्मेंद्र यांचंही एकाच मुदतीत संपलं. मी नावं ठेवायला ही उदाहरणं देत नाही. दोघंही आमचे लाडके नट. पण त्या मतदारसंघांची पाच-पाच वर्षं परत येत नाहीत. बोरिवलीच्या एखाद्या बाईनं लोकलच्या गर्दीचं गाऱ्हाणं घेऊन कुणाकडे जायचं, हा प्रश्न पाच वर्षं तसाच राहिला तर ती पुढच्या वेळी कलावंताला मत देताना बिचकणारच. एकाच्या अनुपस्थितीची किंमत तुमच्यातल्या दुसऱ्या प्रामाणिक उमेदवाराला मोजावी लागते.

लोकसेवा करायला तिकीट लागतंच असंही नाही, हे महाराष्ट्रातल्या नटांना मी काय सांगावं? निळूभाऊ फुले राष्ट्र सेवा दलातून आले आणि शेवटपर्यंत चळवळीचे राहिले. डॉ. श्रीराम लागू, निळूभाऊ आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी नाटकाचे प्रयोग करून सामाजिक कृतज्ञता निधी उभारला, ज्यातून पूर्णवेळ कार्यकर्त्यांना दरमहा मानधन जातं. ज्यांच्या घरी चूल पेटायची भ्रांत असे अशा किती कार्यकर्त्यांना त्या पैशांनी टिकवलं! नाना पाटेकर आणि मकरंद अनासपुरे यांनी २०१५ मध्ये ‘नाम’ सुरू केलं ते आत्महत्या केलेल्या शेतकऱ्यांच्या घरी जाऊन. यांतल्या कुणीही त्यासाठी आधी खासदारकी मागितली नाही. तुमच्या मनात सेवा असेल तर ती उद्या सकाळपासून सुरू करता येते.

म्हणून माझं म्हणणं असं. उभे राहायचं असेल तर जरूर राहा, पण आधी काही वर्षं काम करा. एकच विषय घ्या, तुमच्या मनाला लागलेला. कर्करोग घ्या, गिरणगावातल्या उरलेल्या कामगारांची घरं घ्या, पडद्यामागच्या रोजंदारीवरच्या तंत्रज्ञांचं म्हातारपण घ्या. स्पॉटबॉय, लाइटमन, ज्युनिअर आर्टिस्ट, तुमच्या रोजच्या सहवासातली ही माणसं. त्यांच्या पेन्शनीसाठी तुम्ही काय केलंत, हे आम्ही विचारलं तर राग मानू नका. त्याच कामातून तुम्हाला सरकार कसं चालतं ते कळेल आणि आम्हाला तुम्ही.

उभे राहिलात, तर मतदारसंघात राहायला या. निदान आठवड्याचा एक दिवस ठरवा, ज्या दिवशी तुम्ही स्वतः भेटाल, पीए नाही. चित्रीकरण पूर्ण सोडा असं मी म्हणत नाही. दत्तसाहेबांनीही ‘मुन्नाभाई’त काम केलंच, २००३ मध्ये, खासदार असताना. पण अधिवेशनाच्या तारखा आधी आणि निर्मात्याच्या नंतर, हा क्रम पाळा. लोकसभेतली हजेरी आणि विचारलेले प्रश्न आता कुणालाही पाहता येतात आणि आम्ही ते पाहतो.

प्रचाराला याल तेव्हा रोड शो थोडा आवरा. उघड्या जीपवरून हात हलवणारे तुम्ही आम्हाला आवडता, सेल्फी आम्हीही काढू. पण त्या दिवशी तासभर एखाद्या वस्तीत सतरंजीवर बसा आणि आमचे प्रश्न ऐका. माझे तीन प्रश्न आत्ताच सांगून ठेवते, म्हणजे तयारीला वेळ मिळेल. विमानतळाच्या जमिनीवरच्या कुटुंबांचं पुनर्वसन कुठे आणि कसं व्हावं असं तुम्हाला वाटतं? हरलात तर या मतदारसंघात पुढच्या वर्षी दिसाल का? आणि तुमच्याच पक्षाच्या सरकारनं आमच्यावर अन्याय केला, तर तुम्ही काय कराल?

उत्तरांची वाट पाहते.

आपली नम्र,
पश्चिम उपनगरातली एक मतदार
अंधेरी, मुंबई